अनेकवचन

बाउट्झेनच्या मोहरीच्या कारखान्यात
इर्मट्राउट नोआक एकतीस वर्षं चव घेत होती.
सकाळी सात वाजता चूळ भरून
लाकडी चमच्यातला एवढासा ठिपका जिभेच्या टोकावर,
आणि वहीत शेरा: व्हिनेगर जास्त. साखर कमी. चालेल.
"चालेल" म्हणजे तिच्याकडून मोठाच गौरव.
गेरोल्टला लग्नाचा होकारसुद्धा
तिने याच शब्दात दिला, म्हणतात.

मग घशाला गाठ, मग सव्वीस वेळा किरणं,
आणि एका मंगळवारी
बटाट्याचं सूप म्हणजे नुसतं गरम.
पाव म्हणजे नुसता मऊ.
सफरचंद म्हणजे आवाज.

डॉक्टरांनी कागदावर एक ग्रीक शब्द लिहिला.
तिने विचारलं, आपल्या भाषेत याला
गेश्माकलोझिश्काइट म्हणायचं ना?
गेश्माक म्हणजे चव, लोस म्हणजे नसलेलं,
आणि मागचं शेपूट, त्या नसण्याचं नाम करणारं.

डॉक्टर फोग्ट पेन खाली ठेवून हसले.
जोडलात बरोबर, म्हणाले,
पण आजाऱ्याला तो शब्द लावत नाहीत हो.
औषधाच्या डबीवर अर्धामुर्धा छापतात:
वास नाही, चव नाही.
एरवी तो लोकांच्या वागण्यासाठी.
मयताच्या घरी सांगितलेला विनोद.
स्मशानासमोर लावलेली गाद्यांची जाहिरात.
माझ्या मेव्हण्याचे टाय.

बसमध्ये ती खिडकीशी बसून राहिली.
म्हणजे जिची जीभ गेली तिला हा शब्द मिळायचा नाही,
आणि ज्याची शाबूत, वर सैल सुटलेली,
त्याच्या नावावर तो आपोआप चढणार.
शिवाय त्यांच्या बाबतीत त्याचं अनेकवचन होतं.
एक केली, दोन केल्या, परवा लग्नात तिसरी.
तिची एकच. सलग.
न्याहारीपासून रात्रीच्या गोळीपर्यंत.

(मी मराठीत शोधू लागले तर
आधी अळणी हाती आलं; पण त्यात मीठ घालता येतं.
सपक, मिळमिळीत यांना थोडी तरी चव आहे,
वाईट का होईना.
पाणचट मात्र आमटीलाही चालतं, विनोदालाही.
ते सापडल्यावर उगाचच बरं वाटलं.
इर्मट्राउटला कसं कळवणार?)

नोव्हेंबरात गेरोल्ट गेला.
उकडलेल्या अंड्याला मोहरी, बटाट्याला मोहरी,
एका नाताळात पैज लावून केकलाही.

दफनाला त्याची बहीण हानेलोर कोटबुसहून आली,
काळे हातमोजे, पांढऱ्या लिली.
लोकांनी मूठ मूठ माती टाकली.
इर्मट्राउटची पाळी आली तेव्हा
तिने पर्समधून बरणी काढली.
फेसलेली मोहरी, मध्यम तिखट.
झाकण फिरवलं, वाकली,
आणि खड्ड्याच्या कडेला ती नीट टेकवून ठेवली.

हानेलोर दातांतल्या दातांत म्हणाली. तोच शब्द.
अख्खा, पाचही तुकडे सुटे सुटे करून.

इर्मट्राउट वळली. रागावली नाही.
बसमध्ये विसरलेली छत्री कुणी घरी आणून द्यावी
तशी तिच्याकडे बघत राहिली.
मग करंगळी बरणीत बुडवून चाटली.

चव आली नाही.
पण मोहरी कुठे जिभेवर थांबते?
ती नाकातून वर चढली, कपाळात झणका बसला,
आणि डोळे घळाघळा वाहू लागले.
मागे कुणीतरी समाधानाने पुटपुटलं,
रडली बाई एकदाची.

नंतर हॉटेलात कॉफी होती, चुऱ्याचा केक होता.
हानेलोरने दुसरा तुकडा घेतला आणि म्हणाली,
जरा कोरडा झालाय, नाही?
इर्मट्राउटने मान डोलावली.
कोरडं तिला अजून कळत होतं.